मूकपटातला सटायर: उपरोध, उपहास की विडंबन?

मूकपटांवर लेख लिहितेय, त्यात राजकीय सटायरला मराठी शब्द हवाय. मैत्रिणीने 'राजकीय व्यंग' सुचवलं पण मला ते खटकतंय. उपरोध म्हणावं तर तो बोलण्यातला असतो ना, इथे कोणी बोलतच नाही. काय वापरू?

—

व्यंग नकोच. हिंदीत 'व्यंग्य' चालतं, आपल्याकडे व्यंग म्हणजे शरीरातला दोष, व्यंगचित्र रुळलंय तेवढं ठीक. पण उपरोधाला बोलावंच लागतं हे काही पटलं नाही. चॅप्लिनचा 'द इमिग्रंट' (१९१७) परत बघा. बोट न्यूयॉर्कला पोचते, पडद्यावर मजकुराची पाटी येते की स्वातंत्र्याच्या भूमीत आगमन, सगळी गरीब माणसं स्वातंत्र्यदेवतेच्या पुतळ्याकडे डोळे भरून बघतायत आणि तेवढ्यात अधिकारी येतात नि आडवा दोर लावून सगळ्यांना गुरांसारखं मागे रेटतात. पाटी गोड बोलतेय आणि खालचं चित्र तिला खोटं पाडतंय, हा उपरोध नाही तर काय! आणि गंमत म्हणजे संस्कृतात उपरोधचा मूळ अर्थच अडवणं, अवरोध-विरोधमधला तोच रुध् धातू. मला तर तो दोर बघितला की हाच शब्द आठवतो.

—

इमिग्रंटपुरतं मान्य, पण सगळीकडे नाही लागू होणार. बस्टर कीटनच्या 'कॉप्स'मध्ये (१९२२) पोलिसांची परेड चाललीय, एक अराजकवादी बाँब फेकतो तो बस्टरच्या गाडीत पडतो, हा त्याच्या वातीवर शांतपणे सिगारेट पेटवतो आणि बाँब भिरकावून देतो, मग अख्ख्या शहराचे पोलिस या एकट्याच्या मागे. इथे कोणी गोड बोलून उलटं सुचवत नाहीये, सरळ सरळ हसं केलंय सत्तेचं. हा उपहासच. विडंबनाला समोर अस्सल काहीतरी लागतं ज्याची नक्कल करायची, चॅप्लिनच्याच 'शोल्डर आर्म्स'मधला (१९१८) कैसर, म्हणजे जर्मन सम्राट घ्या, त्याच्या भावानेच केलाय, आणि पिक्चर आला तेव्हा महायुद्ध अजून संपलंही नव्हतं!

—

खूप मदत झाली दोघांची. शीर्षकात 'राजकीय उपहास' घेते आणि इमिग्रंटच्या परिच्छेदात उपरोध. इंटरटायटलला, म्हणजे दृश्यांच्या मध्ये येणाऱ्या मजकुराला, नुसतं 'पाटी' चालेल का?

—

चालेल की. पहिल्यांदा येईल तिथे 'मधली पाटी' लिहा, नाहीतर लोकांना दुकानाची वाटेल.