मोबाइल बेसबॉल: ऑटो लावून सोडून द्यायचं, की मोक्याला सामना हातात घ्यायचा?

गोदाकाठ, नांदेड

मोबाइलवर बेसबॉल खेळणाऱ्यांत सध्या दोन तट पडलेत. एक म्हणतो, ऑटो (गेम स्वतःच सामना खेळतो ती सोय) लावा, फोन चार्जिंगला ठेवा आणि झोपा. दुसरा म्हणतो, ऑटोनं जिंकलेला सामना जिंकलेला धरूच नका. मला दोन्ही पटत नाही. ऑटो जरूर वापरा, पण संघ ऑटोसाठी बसवा. अंगठ्यासाठी बसवलेला संघ तसाच मशीनच्या हाती दिला की तो हरतो, आणि नावं ऑटोला ठेवली जातात.

आधी वेळ बघा. अमेरिकेच्या मेजर लीगसारखा पूर्ण सीझन 162 सामन्यांचा. हाताने एका सामन्याला 15 मिनिटं धरली तर 40 तास 30 मिनिटं लागतात. ऑटोवर वेग वाढवून 6 मिनिटं धरली तर 16 तास 12 मिनिटं. तुमच्या गेममधली मिनिटं वेगळी असतील, स्वतः घड्याळ लावून मोजा. पण रोजचं काम सांभाळून 40 तास कुणी काढत नाही, हे उघड आहे.

आता संघ. हाताने खेळताना टायमिंग तुमचं असतं, म्हणून लोक पॉवरचा आकडा बघून बॅटर घेतात. ऑटोत तुमचं टायमिंग नाही. तिथे कॉन्टॅक्ट (बॅट चेंडूला लागायचा आकडा) आणि चेंडू सोडायची नजर हे दोन आकडे जास्त काम करतात. कॉन्टॅक्ट कमी आणि पॉवर भरपूर असा बॅटर ऑटोत स्ट्राइकआउट होत राहतो. पिचरचंही (चेंडू टाकणाऱ्याचंही) तेच. हाताने तुम्ही कोपरा साधता. ऑटोत कंट्रोल कमी असला की बॉलवर बॉल (चौकटीबाहेर पडलेले चेंडू), चार बॉलला फुकट बेस, आणि मग एक होमरन तीन रनचा पडतो. ऑटोसाठी पिचर घेताना वेगाच्या आधी कंट्रोल बघा.

लाइनअपमध्ये (बॅटिंगच्या क्रमात) सर्वांत जास्त बेसवर पोचणारा पहिला, सर्वांत चांगला बॅटर दुसरा. कारण साधं आहे: लाइनअपमध्ये एक जागा खाली सरकलं की 162 सामन्यांत साधारण 18 पाळ्या कमी मिळतात. सगळा दम चौथ्या-पाचव्या जागेवर साठवून ठेवायची सवय क्रिकेटच्या मधल्या फळीतून आलेली आहे, इथे ती तोट्याची आहे.

आणि सलग 30 सामने कधीच लावू नका. पाच-पाचचा घास घ्या. स्टार्टर (सामना सुरू करणारे पिचर) पाच असतात, म्हणजे पाच सामन्यांत एक फेरी पुरी होते. मग थांबून रिलिव्हरचा (मागून येणाऱ्या पिचरचा) थकवा, जखमी खेळाडू आणि बक्षिसांचा डबा बघा, पुढचे पाच लावा.

पैठणगेट, छत्रपती संभाजीनगर

गोदाकाठ भाऊ, संघ कितीही बसवा, ऑटो आउट फुकट वाटतं त्याचं काय? पहिल्या बेसवर माणूस, शून्य आउट, आणि ऑटो बंट मारतं (धावपटू पुढे सरकावा म्हणून बॅट नुसती आडवी धरून चेंडू जवळच टाकतं, बॅटर बहुधा आउट होतो). मेजर लीगच्या 2010 ते 2015 च्या सामन्यांवरून काढलेला तक्ता बघा. पहिल्या बेसवर धावपटू आणि शून्य आउट असताना त्या इनिंगमध्ये सरासरी 0.86 रन होतात. बंट जमून तो दुसऱ्या बेसवर गेला आणि एक आउट झाला, की सरासरी उतरते 0.66 वर. म्हणजे बंट यशस्वी झाला तरी तोटाच.

स्टीलचंही (पिचर चेंडू टाकत असताना पळून पुढचा बेस गाठायचं) गणित करून बघा. जमलं तर दुसऱ्या बेसवर माणूस, शून्य आउट: 1.10. फसलं तर बेस रिकामे, एक आउट: 0.25. न धावता 0.86 हातात आहेतच. म्हणजे शंभरात 72 वेळा जमलं तरच बरोबरी होते. ऑटो हे गणित न करता कमी स्पीडच्या खेळाडूलाही पळवतं. क्रिकेटमध्ये ओव्हर संपतात, इथे फक्त आउट संपतात, नऊ इनिंगचे 27 आउट हीच सगळी पुंजी. ती दुसऱ्याच्या हाती देऊन वर "कार्यक्षम" कसं म्हणायचं?

माझं मत: बॅटिंग हाताने, पिचिंग ऑटोवर. निम्मा वेळ वाचतो आणि आउट आपल्या ताब्यात राहतात.

लातूर_लेफ्टी

पैठणगेट दादा, हे आकडे खरे, पण दोष ऑटोचा नाही, सेटिंगचा आहे बगा. कामून म्हणाल तर बऱ्याच गेममध्ये टॅक्टिक्सच्या पानावर बंट, स्टील आणि हिट-अँड-रन (धावपटू आधीच पळतो, बॅटर चेंडू मारतोच) यांच्या पट्ट्या असतात, आणि गेम टाकल्या टाकल्या त्या मधोमध असतात. लोक ते पान उघडतच नाहीत. बंट तळाला न्या. स्टील पण खाली आणा, आणि खेळाडूवार सेटिंग असेल तर फक्त स्पीडवाल्या दोघा-तिघांना मोकळीक द्या. तुमची निम्मी तक्रार तिथंच मिटते.

दुसरं, बंट दर वेळी चूक नाही. दुसऱ्या बेसवर माणूस, शून्य आउट असताना निदान एक रन व्हायची शक्यता त्याच काळात साधारण 61 टक्के होती. बंटनं तो तिसऱ्यावर गेला, एक आउट झाला, तर 66. एकच रन पुरेसा असेल तिथं बंट बरोबर आहे. मेजर लीगच्या नियमित सीझनमध्ये 2020 पासून जादा इनिंगची सुरुवातच दुसऱ्या बेसवर माणूस ठेवून होते, 2023 मध्ये तो नियम कायम झाला. तुमच्या गेममध्ये तो आहे का, ते दहाव्या इनिंगला कळेल. असेल, बरोबरी असेल आणि आपण शेवटी बॅटिंग करणारे असू, तर तेवढ्यापुरता सामना हातात घ्या आणि बंट मारा. आधी बॅटिंग करणाऱ्या पाहुण्या संघानं मात्र मारू नये, त्याला एक रन पुरेल याची खात्री नसते.

धाराशिव_शॉर्टस्टॉप

हातात कधी घ्यायचं, यावर कुणी नेमकं बोललं नाही. सगळीकडे एकच सल्ला ऐकू येतो: सातव्या इनिंगनंतर, फरक दोन रनच्या आत असेल तर. माझ्या मते तेव्हा उशीर झालेला असतो.

स्टार्टर कधी मार खातो ते मोजा. चार इनिंग म्हणजे 12 आउट, त्यात पाच-सहा जण बेसवर पोचले तर 17-18 बॅटर होऊन गेले. म्हणजे पाचव्या इनिंगला तीच लाइनअप तिसऱ्यांदा समोर येते. खऱ्या बेसबॉलमध्ये तिसऱ्या फेरीला बॅटर सुधारतात, हे आकड्यांतून पक्कं झालेलं आहे. ऑटो मात्र स्टार्टरला सहाव्या-सातव्यापर्यंत ओढतं. तुम्ही सातव्याला आत शिराल तेव्हा 2-1 चा सामना 2-5 झालेला असेल.

गोदाकाठ, नांदेड

धाराशिव भाऊ, तिसऱ्या फेरीचा परिणाम खऱ्या मैदानावर आहे, पण बरेच मोबाइल गेम फेऱ्या मोजत नाहीत, फक्त स्टॅमिना मोजतात. पिचर ताजा असेल तर तिसऱ्या फेरीतही त्याचे आकडे तेच राहतात. स्टॅमिनाची पट्टी एका मर्यादेखाली गेली की मात्र कंट्रोल आणि वेग दोन्ही पडतात. म्हणून इनिंग नको, पट्टी बघा.

तुमचा मूळ मुद्दा मात्र मान्य, सातवी फार उशिरा आहे. पाचवी संपली की एकदा पट्टी बघायची. पाव भागाच्या आसपास आली असेल तर स्टार्टर काढायचा, पुढे पुन्हा ऑटो. हे अर्ध्या मिनिटाचं काम आहे. पिचर बदलायची मर्यादा सेटिंगमध्ये ठरवता येत असेल तर तेवढंही नको.

एक सावधगिरी: स्टार्टर लवकर काढला की बुलपेनवर (सगळ्या रिलिव्हरवर) भार पडतो. सलग पाच सामन्यांत तोच क्लोजर (शेवटची इनिंग टाकणारा) चार वेळा आला तर पाचव्याला तो थकलेलाच असतो, आणि ऑटो त्यालाच आणतं. म्हणून लांब टाकू शकणारा, जास्त स्टॅमिनाचा एक रिलिव्हर संघात हवाच. पुष्कळ जण सगळे वेगवान, एका इनिंगचे रिलिव्हर भरतात आणि तिसऱ्या दिवशी बुलपेन कोरडं पडतं.

बालाघाट, बीड

हे सगळं संघाबद्दल झालं. फोनबद्दल कुणी तरी बोला. रात्रभर ऑटो चार्जिंगवर लावायचा सल्ला मराठवाड्यात देऊच नये, निदान मार्च ते जून तरी. अ‍ॅपलने आयफोन वापरायची हवा 0 ते 35 अंश सांगितली आहे. आपल्याकडे मे महिन्यात दिवसाचा पारा 42 च्या वर जातो आणि पत्र्याच्या खोलीत रात्री बारालाही 35 च्या खाली येत नाही. त्यात चार्जिंगची उष्णता, चिपची उष्णता, उशाखाली फोन. लिथियम बॅटरी उष्णतेत आणि 100 टक्क्यांवर भरलेली राहिली की लवकर म्हातारी होते, आणि इथे दोन्ही एकदम घडतं.

तापलं की फोन स्वतःच वेग कमी करतो. मग 6 मिनिटांचा सामना 9 मिनिटांवर जातो आणि गेम मधेच बंद पडतो. म्हणजे ज्या वेळेसाठी ऑटो लावलं, तोच वेळ जातो.

लावायचंच असेल तर: ग्राफिक्स तळाला, फ्रेम 30, आवाज बंद, उजेड सर्वांत कमी, गेममध्ये वीज वाचवायची काळी स्क्रीन असेल तर ती चालू. कव्हर काढा, फोन फरशीवर किंवा स्टीलच्या ताटलीवर ठेवा, गादीवर नको. काही सॅमसंग फोनमध्ये गेम बूस्टरमध्ये यूएसबी पॉवर डिलिव्हरी थांबवायचा पर्याय आहे. तो चालू केला की चार्जरची वीज बॅटरी न भरता थेट फोनला जाते. त्याला पीडी चार्जर लागतो आणि बॅटरी 20 टक्क्यांच्या वर असावी लागते. आणि ओएलईडी पडदा असेल तर तोच स्कोअरबोर्ड तासन्‌तास एका जागी राहिल्यानं त्याची छाप पडू शकते, ती पुसता येत नाही.

पूर्णाकाठ, परभणी

बालाघाट ताई, उष्णतेचं बरोबर आहे, पण म्हणून रात्रीचं ऑटो सोडायचं कामून? वेळ बदला. पहाटे 4 ते 7 हवा सर्वांत थंड असते. तेव्हा 70-80 टक्के भरलेला फोन चार्जर काढून लावला तर दोन-तीन तास आरामात चालतो.

ऑटो रात्रीत बंद पडतं त्याची कारणं बहुतेक वेळा वेगळीच असतात. खेळाडूंचा किंवा बक्षिसांचा डबा भरला की एक चौकट येते आणि कुणी "ठीक" दाबेपर्यंत गेम तिथंच उभा. वीज गेली की वायफाय जातं, फोन मोबाइल डेटावर येतो आणि त्या क्षणी सर्व्हर सामना तोडतो. म्हणून लोडशेडिंगच्या भागात आधीपासून मोबाइल डेटावरच लावा, सामन्याला डेटा फार लागत नाही, मोठी अपडेट तेवढी वायफायवर घ्या. अँड्रॉइडचा बॅटरी सेव्हर गेमचा गळा धरतो, त्या अ‍ॅपपुरता काढा.

आणि चौथं, दिवस बदलायची वेळ. कोरिया-जपानच्या सर्व्हरची मध्यरात्र म्हणजे आपले रात्रीचे 8:30. न्यूयॉर्कची मध्यरात्र उन्हाळ्यात आपले सकाळी 9:30, तिकडे घड्याळ मागे घेतलं की 10:30. गेमचा दिवस कोणत्या घड्याळावर फिरतो ते बघा. त्या क्षणी चालू असलेला ऑटो बऱ्याचदा तुटतो आणि सामन्याला लागणारी गेममधली ऊर्जा गेलेली असते. समजा दर 5 मिनिटांनी 1 ऊर्जा आणि कमाल 60, तर 5 तासांत टाकी भरते, त्यानंतरची वाया. रात्री 8:30 ला दिवस फिरत असेल तर 8 वाजेपर्यंत टाकी रिकामी करून मोकळं व्हा.

डब्याच्या चौकटीसाठी आपोआप टॅप करणारं अ‍ॅप लावायला हरकत काय, हे मात्र मला कळलेलं नाही.

बालाघाट, बीड

हरकत मोठी आहे, दादा. गेममधलं ऑटो कंपनीनं दिलेलं असतं, बाहेरचं टॅप करणारं अ‍ॅप बहुतेक गेमच्या अटींत बसत नाही, खातं बंद होऊ शकतं. त्याहून वाईट म्हणजे असली अ‍ॅप अ‍ॅक्सेसिबिलिटीची परवानगी मागतात. ती दिली की पडद्यावर काय आहे ते वाचता येतं आणि आपल्या वतीनं दाबताही येतं. त्याच फोनवर यूपीआय आणि बँक असते. एका चौकटीसाठी एवढं दार उघडं ठेवू नका. झोपायच्या आधी डब्यात 40-50 जागा मोकळ्या करा, प्रश्नच उरत नाही.

पैठणगेट, छत्रपती संभाजीनगर

लातूर भाऊंचं सेटिंगचं म्हणणं मान्य, बंटची पट्टी तळाला नेली की माझा अर्धा आक्षेप जातो. उरलेला अर्धा सोडत नाही. नवा खेळाडू पहिल्याच दिवशी ऑटोवर गेला तर त्याला स्लायडर (वळणारा चेंडू) आणि चेंजअप (मुद्दाम हळू टाकलेला चेंडू) यांतला फरक कधीच कळत नाही. मग इव्हेंटमध्ये "हाताने तीन स्ट्राइकआउट घ्या" असं काम आलं की तो अडतो. निदान पहिले 30 सामने हाताने खेळावेत, ऑटो त्यानंतर.

गोदाकाठ, नांदेड

30 जास्त आहेत दादा, 10 पुरे. त्यातही बॅटिंग पूर्ण हाताने, पिचिंग फक्त दोन स्टार्टरचं. शाळेत सॉफ्टबॉल-बेसबॉल खेळलेल्यांना तेवढंही नको, त्यांना स्ट्राइक झोन डोळ्यांना माहीत असतो.

लातूर_लेफ्टी

एक राहिलं. समोर डावखुरा पिचर असेल तर लाइनअप वेगळी लागते, आणि चालू सामन्यात ऑटो ती बदलत नाही. गेममध्ये दोन लाइनअप साठवायची सोय असेल तर दुसरीत उजवे बॅटर भरून ठेवा. सोय नसेल तर पहिल्या पाचांत निदान दोन स्विच हिटर (दोन्ही बाजूंनी बॅटिंग करणारे) बसवा. पाचचा घास लावायच्या आधी पुढच्या पाच सामन्यांचे विरोधी स्टार्टर बघा. त्यांत तीन डावखुरे दिसले तर लाइनअप आधी बदला, मग ऑटो दाबा.