विषय: खोक्यातली गादी न उघडता किती दिवस ठेवता येते?

नमस्कार मंडळी,

नवीन घराची किल्ली मिळायला अजून दोन-अडीच महिने तरी लागतील असं दिसतंय आणि इकडे सेलमध्ये घेतलेली मेमरी फोमची गादी येऊन पडलीये, ती व्हॅक्यूम करून रोल करून खोक्यात कोंबलेली असते ना, तसली. आत्ताच्या घरात उघडून ठेवायला जागा नाही म्हणून गॅरेजमध्ये ठेवायचा विचार आहे, वर चार खोकीही रचता येतील. नंतर नीट फुगते ना? आमच्याकडे मत असं आहे की सीलबंद आहे, वर्षभर ठेवली तरी काही होत नाही. (मत माझं नाही, ह्यांचं.) एकदाचा निकाल लावून टाका.

---------

उत्तर: विषय: खोक्यातली गादी...

> सीलबंद आहे, वर्षभर ठेवली तरी काही होत नाही

ताई, सील शाबूत आहे तोवर धूळ, ढेकूण, ओल आत जाणार नाही, तेवढं ह्यांचं बरोबर. पण गादी बिघडते ती आत काही शिरल्यामुळे नाही, दाबून ठेवल्यामुळे. फोम म्हणजे बारीक बारीक उघडी छिद्रं, त्यांच्या काड्या दाबल्या की वाकतात आणि सोडल्या की परत सरळ होतात. पण बराच काळ वाकलेल्याच ठेवल्या तर पॉलिमर हळूहळू त्याच आकाराला सरावतो आणि गादी पूर्ण उंचीला येतच नाही. आमच्या धंद्यात ह्याला कॉम्प्रेशन सेट म्हणतात (फोमच्या कारखान्यात नोकरी झालीये माझी, म्हणून एवढं पाल्हाळ). ह्याची ठरलेली टेस्ट असते, फोमचा तुकडा निम्म्या जाडीपर्यंत दाबायचा, ७० डिग्री सेल्सिअसच्या ओव्हनमध्ये २२ तास ठेवायचा, मग सोडून अर्ध्या तासाने जाडी मोजायची. आता ओव्हन कशाला? तर उष्णतेने हेच सगळं लवकर होतं म्हणून. म्हणजे उन्हाळ्यात तापणारं गॅरेज ही त्याच टेस्टची सावकाश आवृत्ती झाली, आणि खोक्यात तर फोम निम्म्याहून कितीतरी जास्त दाबलेला असतो.

तेव्हा गॅरेज नको, माळाही नको. घरातली कोरडी खोली, हीटरपासून लांब, आणि वर काहीही रचू नका. खोक्यावर बाण असेल तर तसंच ठेवा, नसेल तर आडवं.

किती दिवस, तर ते कंपनीगणिक बदलतं, कोणी दोन-तीन महिने सांगतं, कोणी त्याहून कमी. तुमच्या कंपनीचं काय ते कागद काढून बघा. आणि दिवस मोजायचे ते गादी बनली त्या तारखेपासून, घरी आली त्या तारखेपासून नाही! सेलचा माल गोदामात किती पडून होता कोणाला माहीत. लेबलवर तारीख असते बहुतेक.

---------

उत्तर: विषय: खोक्यातली गादी...

काकांनी उन्हाळ्याचं सांगितलं, पण आमच्यासारख्यांचं गॅरेज गोठतं त्याचं काय? तिथे तर गारच राहणार की. आणि हायब्रिड असेल, म्हणजे आत स्प्रिंगा, तर काही वेगळं?

---------

उत्तर: उत्तर: विषय: खोक्यातली गादी...

थंडीत कायमचं नुकसान कमी होतं हे खरं, पण मेमरी फोम थंडीत कडक होतो. तो मुळातच तापमानावर चालणारा माल, शरीराच्या उबेने मऊ पडतो म्हणून तर आपण घेतो. गार खोकं तसंच उघडलं तर गादी लाकडासारखी पडून राहते आणि मग लोक ओढून ताणून सरळ करायला जातात, तिथे फोम फाटतो. आधी एक दिवस खोलीत आणून ठेवा, मग उघडा. शिवाय गॅरेजची जमीन ओल धरते आणि पुठ्ठा ती पितो, आणि उंदीर असले तर प्लास्टिकला भोक पडायला वेळ नाही. भोक पडलं की हवा आत जाते, गादी खोक्यातल्या खोक्यात फुगते आणि बाहेर काढताना माणसाला घाम फुटतो.

हायब्रिडला मी तर अजूनच कमी दिवस देईन, स्प्रिंगा वाकून बसल्या तर फोमसारखं फुगून भागत नाही.

---------

उत्तर: विषय: खोक्यातली गादी...

एक व्यवहाराची गोष्ट. ट्रायलचे दिवस बहुतेक ठिकाणी डिलिव्हरीपासून मोजतात, तुम्ही खोकं कधी उघडलंत ह्याच्याशी त्यांना देणंघेणं नसतं. मग दोन महिन्यांनी उघडली, एका कोपऱ्यात चेपलेलीच राहिली, तर परत द्यायची मुदत संपलेली असू शकते. आजच कंपनीला मेल टाका, फोन नको, लेखी उत्तर घ्या.

आणि ताई, जागा नाही म्हणता, पण झोपता कशावर? जुन्या गादीवरच ही पसरा की. उंची वाढेल, पलंगावर चढताना थोडी मजा येईल, पण गादी मोकळी राहील, वास जाईल आणि ट्रायलही होऊन जाईल. शिफ्टिंगच्या दिवशी प्लास्टिकचं मोठं कव्हर घालून न्यायची. घरच्या व्हॅक्यूम क्लीनरने परत दाबायचे व्हिडिओ असतात, तेवढ्या प्रवासापुरतं काही तास ठीक, पण तशीच ठेवून देऊ नका, आणि स्प्रिंगवाली असेल तर अजिबात नको.

---------

उत्तर: विषय: खोक्यातली गादी...

सगळ्यांचे आभार, घरातला वाद मिटला (ह्यांनी काकांचा मेल दोनदा वाचला आणि गप्प बसले). लेबल बघितलं, डिलिव्हरीच्या बरीच आधी बनलेली निघाली, त्यामुळे थांबण्यात अर्थ नाही. शनिवारी जुन्या गादीवरच पसरतोय. जड आहे, कोणी मोकळं असेल तर हात लावायला या.

---------

उत्तर: विषय: खोक्यातली गादी...

मी येतो. तोवर प्लास्टिकला हात लावू नका. आधी पलंगावर रोल ठेवायचा, बाहेरचं प्लास्टिक काढून उलगडायचा, वरची बाजू बघायची आणि मगच आतलं कापायचं, एकदा आत हवा गेली की गादी पलटी करणं दोघांचं काम. कटर नको, बोथट टोकाची कात्री शोधून ठेवा. खिडकी उघडी ठेवा, पहिले एक-दोन दिवस वास येतो. बरीचशी फुगते काही तासांतच, पण कोपरे भरायला दोन-तीन दिवस लागू शकतात, त्याआधी कंपनीला तक्रार ठोकू नका.