जपानमध्ये संसद असतानाही परराष्ट्र धोरण लष्कराच्या हाती कसे गेले?

पूर्वरंग यांचा प्रश्न

जपानच्या आधुनिक राजकीय इतिहासाचे वाचन करताना १९२५ ते १९३२ या काळापाशी मी वारंवार अडतो. १८८९ मध्ये राज्यघटना जाहीर झाली आणि १८९० मध्ये संसदेची पहिली निवडणूक झाली. १९१८ मध्ये हारा ताकाशी पंतप्रधान झाले. सरदारी पदवी नसलेले आणि लोकनिर्वाचित सभागृहात बसणारे ते पहिलेच पंतप्रधान होते. १९२५ मध्ये २५ वर्षांवरील पुरुषांना मताधिकार मिळाला. त्याच सुमारास शिदेहारा किजुरो परराष्ट्रमंत्री असताना चीनच्या अंतर्गत यादवीत हस्तक्षेप टाळायचा आणि अमेरिका व ब्रिटन यांच्याशी वाटाघाटींनी प्रश्न सोडवायचे, असे धोरण टोकियोने बऱ्याच अंशी सांभाळले होते. असे असताना १८ सप्टेंबर १९३१ रोजी ईशान्य चीनमधील मांचुरिया प्रांतात, मुकदेन शहराजवळ, तेथे तैनात असलेल्या जपानच्या क्वांतुंग सेनेतील काही अधिकाऱ्यांनी स्वतःच रेल्वेमार्गावर स्फोट घडवला, त्याचा ठपका चिनी सैन्यावर ठेवला आणि पुढच्या काही महिन्यांत अवघा मांचुरिया ताब्यात घेतला. टोकियोतील निर्वाचित सरकारला हे थांबवता आले नाही.

माझे दोन प्रश्न आहेत. हा दोष घटनेच्या रचनेतच होता, की तीच घटना वेगळ्या माणसांच्या हाती आणि वेगळ्या परिस्थितीत टिकली असती? दुसरा प्रश्न असा की १९४७ पासून लागू झालेल्या घटनेने या दोषावर नेमका काय उपाय केला? ‘लष्करवाद वाढला’ एवढ्या एका वाक्यात बहुतेक पुस्तके हा विषय आटोपतात आणि त्याने माझे समाधान होत नाही.

शिलालेख यांचे उत्तर

दोष रचनेत होता, असे माझे स्पष्ट मत आहे. १८८९ च्या, म्हणजे मेइजी घटनेच्या ११व्या कलमाने भूदल आणि नौदल यांचे सरसेनापतिपद सम्राटाकडे दिले. १२व्या कलमानुसार सैन्याची रचना आणि शांतताकाळातील संख्या ठरवण्याचा अधिकारही सम्राटाचाच होता. मात्र त्याहून महत्त्वाची गोष्ट घटनेच्या आधी, १८७८ मध्येच घडून गेली होती. त्या वर्षी भूदलाचे सेनामुख्यालय सरकारपासून वेगळे करण्यात आले आणि त्याच्या प्रमुखाला थेट सम्राटाशी बोलण्याचा अधिकार मिळाला. त्यामुळे युद्धाच्या संचालनासंबंधीचा सल्ला मंत्रिमंडळाच्या वाटेने जात नव्हता. शिवाय त्या घटनेत पंतप्रधान या पदाचा उल्लेखच नव्हता. ५५व्या कलमानुसार प्रत्येक मंत्री स्वतंत्रपणे सम्राटाला जबाबदार होता, म्हणून पंतप्रधान आपल्या सहकाऱ्यांमध्ये फार तर अग्रणी असे. त्यांना बडतर्फ करण्याची सत्ता त्याच्याकडे नव्हती.

यात १९०० मध्ये तेव्हाचे पंतप्रधान यामागाता आरितोमो यांनी आणखी एक नियम घातला: भूदलमंत्री आणि नौदलमंत्री हे प्रत्यक्ष सेवेतील वरिष्ठ अधिकारीच असले पाहिजेत. या नियमाची ताकद डिसेंबर १९१२ मध्ये दिसली. दोन नव्या डिव्हिजनची मागणी सायोनजी मंत्रिमंडळाने नाकारली, तेव्हा भूदलमंत्र्यांनी राजीनामा दिला, भूदलाने दुसरे नाव सुचवण्यास नकार दिला आणि सरकार पडले. जनक्षोभानंतर १९१३ मध्ये हा नियम सैल झाला, पण १९३६ मध्ये तो पुन्हा लागू करण्यात आला. जानेवारी १९३७ मध्ये सम्राटाने सरकार बनवण्यासाठी जनरल उगाकी यांना पाचारण केले होते. त्यांनी १९२५ मध्ये भूदलमंत्री असताना चार डिव्हिजन कमी केल्या होत्या. भूदलाने तो राग धरून त्यांना मंत्रीच दिला नाही आणि उगाकींना माघार घ्यावी लागली. जुलै १९४० मध्ये योनाई मंत्रिमंडळ याच मार्गाने पाडण्यात आले आणि दोनच महिन्यांत जपानने जर्मनी व इटलीशी त्रिपक्षीय करार केला.

ही सारी व्यवस्था इतो हिरोबुमी आणि यामागाता यांच्यासारखे ज्येष्ठ मुत्सद्दी हयात असेपर्यंत चालली, कारण सरकार आणि सेना या दोन्हीकडे त्यांचा शब्द अखेरचा असे. घटनेत जो दुवा नव्हता, तो या माणसांनी आपल्या वजनाने पुरवला होता. १९०४-०५ च्या रशियाविरुद्धच्या युद्धात लढाई केव्हा थांबवायची आणि तह केव्हा करायचा, हे त्यांनी एकत्र बसून ठरवले. १९२२ मध्ये यामागाता यांचे निधन झाले. १९२४ नंतर त्या पिढीपैकी सायोनजी तेवढे मागे राहिले आणि त्यांना सैन्यात आधार नव्हता.

तळटीप यांचे उत्तर

शिलालेख यांनी दिलेले तपशील मला मान्य आहेत, त्यांचा निष्कर्ष मात्र पूर्णपणे मान्य नाही. याच घटनेखाली १९२४ ते १९३२ अशी सुमारे आठ वर्षे पक्षांची सरकारे आलटून पालटून सत्तेवर होती. रचना तीच असताना १९२५ मध्ये सैन्यकपात शक्य झाली आणि १९३१ मध्ये सैन्याला थोपवणे अशक्य झाले, तर मधल्या काळात काय बदलले हे पाहिले पाहिजे. माझ्या मते सर्वांत महत्त्वाची घटना मुकदेनच्या दीड वर्ष आधीची आहे. ती म्हणजे १९३० चा लंडन नौदल करार.

हामागुची ओसाची यांच्या सरकारने फेब्रुवारी १९३० च्या निवडणुकीत स्पष्ट बहुमत मिळवले होते. त्या बळावर त्यांनी नौदलाच्या मुख्यालयाचा विरोध असताना लढाऊ जहाजांची मर्यादा स्वीकारली. सरकारची बाजू कायद्याच्या दृष्टीने भक्कम होती: जहाजांची संख्या ठरवणे ही १२व्या कलमाखालची बाब आहे आणि तिच्यावर सम्राटाला सल्ला देण्याचा अधिकार मंत्रिमंडळाचा आहे. घटनापंडित मिनोबे तात्सुकिची यांनीही हेच मत मांडले. सरकारने ११व्या कलमातील सरसेनापतिपदाच्या अधिकारावर अतिक्रमण केले, हा आरोप संसदेत मोठ्या आवाजात कोणी केला? विरोधी बाकांवरच्या सेइयुकाई पक्षाने. इनुकाई त्सुयोशी आणि हातोयामा इचिरो हे त्यात पुढे होते. एका निर्वाचित सरकारला अडचणीत आणण्यासाठी दुसऱ्या निर्वाचित पक्षाने सैन्याचा युक्तिवाद स्वतःच्या तोंडी घेतला, आणि संसदेच्या व्यासपीठावरून त्याला प्रतिष्ठा मिळवून दिली. त्याच नोव्हेंबरमध्ये टोकियो स्थानकावर हामागुचींवर गोळी झाडण्यात आली आणि पुढच्या ऑगस्टमध्ये ते वारले. डिसेंबर १९३१ मध्ये पंतप्रधान झालेल्या इनुकाईंना १५ मे १९३२ रोजी नौदलाच्या तरुण अधिकाऱ्यांनी त्यांच्या अधिकृत निवासस्थानी ठार केले. त्यानंतर युद्ध संपेपर्यंत जपानमध्ये पक्षाचे सरकार आले नाही. मला हा सारा इतिहास विलक्षण दुःखद वाटतो, कारण या दोन्ही माणसांनी संसदीय राजकारणाला आयुष्य दिले होते.

दुसरा मुद्दा पैशाचा आहे. जानेवारी १९३० मध्ये, जागतिक मंदी सुरू झालेली असताना, हामागुची सरकारने येनची जुन्याच दराने सोन्याशी पुन्हा सांगड घातली. निर्यात महागली, अमेरिकेत रेशमाची मागणी कोसळली आणि रेशमाच्या किड्यांवर जोडउत्पन्न मिळवणारी लाखो शेतकरी कुटुंबे भरडली गेली. सैन्यातील सामान्य शिपाई आणि अनेक कनिष्ठ अधिकारी खेड्यांतूनच आलेले होते. उद्योगसमूहांशी उघड संबंध असलेले पक्ष आपल्या घरादाराची काळजी करत नाहीत, ही त्यांची भावना केवळ प्रचाराने तयार झालेली नव्हती.

तिसरी गोष्ट खुद्द मंत्रिमंडळाची. २१ सप्टेंबर १९३१ रोजी कोरियातील जपानी सेना सम्राटाच्या आज्ञेविना सीमा ओलांडून मांचुरियात शिरली. तत्कालीन लष्करी कायद्यानेही हा गंभीर अपराध होता. वाकात्सुकी मंत्रिमंडळाने दुसऱ्या दिवशी त्या मोहिमेच्या खर्चाला संमती दिली. तिजोरीची किल्ली तेव्हा सरकारकडेच होती आणि ती वापरली गेली नाही. वृत्तपत्रे मोहिमेचे कौतुक करत होती आणि लोक वर्गण्या गोळा करत होते, हे वाकात्सुकींना दिसत होते. यालाही घटनेचा दोष म्हणायचे का?

पूर्वरंग

दोघांचेही आभार. एक उपप्रश्न विचारतो. आपल्या घटनेच्या ५३व्या अनुच्छेदानेही संरक्षण दलांचे सर्वोच्च आधिपत्य राष्ट्रपतींकडे दिलेले आहे. मग मेइजी घटनेच्या ११व्या कलमाशी त्याचा फरक नेमका कोठे आहे?

शिलालेख

फरक त्याच अनुच्छेदाच्या पुढच्या भागात आहे. या आधिपत्याचा वापर कायद्याने नियमित केला जाईल, असे तेथे म्हटले आहे. म्हणजे तो अधिकार संसदेच्या कायद्याखाली येतो. शिवाय ७४व्या अनुच्छेदानुसार राष्ट्रपती मंत्रिमंडळाच्या सल्ल्याने वागतात आणि सेनाप्रमुखांना त्या सल्ल्याला वळसा घालणारी स्वतंत्र वाट नाही. जपानच्या ११व्या कलमात अशी कोणतीही अट नव्हती.

तळटीप यांच्या आक्षेपाबद्दल एवढेच म्हणतो की लंडन कराराच्या वेळी सेइयुकाईला तो आरोप करता आला, कारण घटनेने तो करण्याजोगा ठेवला होता. आपल्याकडे कोणताही विरोधी पक्ष सरकारवर असा आरोप करू शकणार नाही, कारण त्याला आधारच नाही. माणसे चुकतात हे गृहीत धरूनच घटना लिहायची असते.

सागरवेध यांचे उत्तर

पूर्वरंग यांच्या दुसऱ्या प्रश्नाकडे वळतो. ३ मे १९४७ पासून लागू झालेल्या घटनेची चर्चा नेहमी युद्धाचा त्याग करणाऱ्या ९व्या कलमाभोवती फिरते. पण १९३१ च्या दोषाला थेट उत्तर देणारी कलमे दुसरी आहेत. ४१व्या कलमाने संसद हे राज्यसत्तेचे सर्वोच्च अंग ठरले. ६६व्या कलमाने पंतप्रधान आणि सर्व मंत्री नागरी असले पाहिजेत असे बंधन घातले आणि मंत्रिमंडळाला सामूहिकपणे संसदेला जबाबदार केले. ६८व्या कलमाने मंत्र्यांना नेमण्याची व काढण्याची सत्ता पंतप्रधानांना दिली. ७३व्या कलमानुसार परराष्ट्र व्यवहार मंत्रिमंडळाकडे आणि तहांना मान्यता देणे संसदेकडे आले. उगाकी किंवा योनाई यांची जी कोंडी झाली, ती या रचनेत होऊच शकत नाही.

या चौकटीत पंतप्रधान योशिदा शिगेरू यांनी धोरण आखले: संरक्षणासाठी अमेरिकेवर विसंबायचे, शस्त्रसज्जता बेताची ठेवायची आणि देशाची शक्ती आर्थिक उभारणीत लावायची. ८ सप्टेंबर १९५१ रोजी सॅन फ्रान्सिस्को येथे शांतता करार आणि अमेरिकेशी सुरक्षा करार एकाच दिवशी झाले. भारताने त्या परिषदेला जाण्यास नकार दिला आणि ९ जून १९५२ रोजी जपानशी स्वतंत्र तह करून युद्धभरपाईवरचा हक्क सोडला. जपानने परदेशाला दिलेले पहिले येन कर्ज १९५८ मध्ये भारताला मिळाले, त्यामागे हीदेखील पार्श्वभूमी होती.

लोकांचा आणि संसदेचा अंकुश किती खरा आहे, याची परीक्षा १९६० मध्ये झाली. युद्धकाळातील तोजो मंत्रिमंडळात मंत्री राहिलेले आणि युद्धगुन्ह्यांच्या संशयावरून खटल्याविना तीन वर्षे कैदेत राहिलेले किशी नोबुसुके तेव्हा पंतप्रधान होते. त्यांनी अमेरिकेशी सुधारित सुरक्षा करार केला. वाटाघाटींच्या दृष्टीने तो आधीच्या करारापेक्षा जपानला अधिक अनुकूल होता, परंतु मे महिन्यात पोलिसांकरवी विरोधी सदस्यांना सभागृहातून हटवून त्यांनी मध्यरात्री तो मंजूर करून घेतला. त्यानंतर संसदेभोवती प्रचंड निदर्शने झाली, एका विद्यार्थिनीचा मृत्यू झाला आणि अध्यक्ष आयझेनहॉवर यांचा दौरा रद्द करावा लागला. करार १९ जूनला आपोआप संमत ठरला, कारण ६१व्या कलमानुसार कनिष्ठ सभागृहाच्या मंजुरीनंतर ३० दिवस गेले की वरिष्ठ सभागृहाची संमती गृहीत धरली जाते. किशींना मात्र पद सोडावे लागले. करार टिकला आणि तो करणारा पंतप्रधान गेला. त्यांच्यानंतर आलेल्या इकेदा हायातो यांनी उत्पन्न दुप्पट करण्याची योजना पुढे ठेवून देशाचे लक्ष अर्थकारणाकडे वळवले.

तळटीप

सागरवेध यांच्या मांडणीत एक भर घालणे मला आवश्यक वाटते. युद्धोत्तर घटनेतील एकही शब्द आजवर बदललेला नाही, कारण ९६व्या कलमानुसार दोन्ही सभागृहांत दोन-तृतीयांश बहुमत आणि त्यावर सार्वमत लागते. तरीही धोरण पुष्कळ बदलले आहे. १९५४ मध्ये स्वसंरक्षण दले स्थापन झाली. १९९१ च्या आखाती युद्धात जपानने १३ अब्ज डॉलर दिले आणि तरीही केवळ पैसा दिल्याची टीका झाल्यावर १९९२ मध्ये संयुक्त राष्ट्रांच्या शांतिसेनेत सहभागाचा कायदा केला. १ जुलै २०१४ रोजी आबे मंत्रिमंडळाने केवळ ठरावाने ९व्या कलमाचा अनेक दशकांचा अर्थ बदलला आणि मित्रराष्ट्रावर हल्ला झाल्यास मर्यादित परिस्थितीत बळाचा वापर करता येईल असे ठरवले. सरकारला कायद्याचा अर्थ सांगणाऱ्या विधी विभागाच्या प्रमुखपदी आदल्या वर्षी परराष्ट्र खात्यातील अधिकाऱ्याची नेमणूक झाली होती. त्या पदावर विभागातीलच ज्येष्ठ व्यक्ती नेमण्याचा प्रघात तेव्हा मोडला गेला. २०१५ मध्ये संसदेने त्यानुसार कायदे केले. डिसेंबर २०२२ मध्ये किशिदा सरकारने संरक्षणखर्च २०२७ पर्यंत सकल देशांतर्गत उत्पादनाच्या २ टक्क्यांपर्यंत नेण्याचे जाहीर केले.

चीनचे वाढते नौदल आणि उत्तर कोरियाची क्षेपणास्त्रे पाहता या धोरणाची गरज मला पटते. माझा आक्षेप पद्धतीला आहे. १९३० मध्ये हामागुचींनी घटनेचा अर्थ लावला तो सैन्याला आवर घालण्यासाठी आणि २०१४ मध्ये मंत्रिमंडळाने तो लावला तो सैन्याचे कार्यक्षेत्र वाढवण्यासाठी. दोन्ही वेळा अर्थ सांगण्याचा अधिकार नागरी सरकारकडेच होता. नागरी नियंत्रण असणे आणि सरकारवर घटनेचे बंधन असणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. १९४७ च्या घटनेने पहिली निश्चितपणे साधली. दुसरीसाठी जपानचे सर्वोच्च न्यायालय फारसे पुढे येत नाही. १९५९ च्या सुनागावा खटल्यात त्याने सुरक्षा करारासारख्या अत्यंत राजकीय स्वरूपाच्या प्रश्नावर, करार उघडउघड घटनाबाह्य नसेल तर, निर्णय देणे टाळले. त्यामुळे परराष्ट्र धोरणापुरते पाहिले तर हा भार आजही संसदेवर आणि मतदारांवरच आहे.