पहिला चेंडू कुणी पाहिला? सोलापूरकरांनो, आपापले अनुभव लिहा

धागाकर्ता

मागच्या महिन्यात आमच्या भागातल्या एका हॉलमध्ये मोबाइल गेमिंगची स्पर्धा झाली. माझ्याकडं काम एकच होतं, दारात बसून येणाऱ्याचं नाव वहीत लिहायचं. पत्रिकेवर वेळ सकाळी 11. दोनशे खुर्च्या, पुढं मोठा एलईडी पडदा, दोन बाजूंना स्पीकर. पहिली मॅच चालू झाली तेव्हा वहीत प्रेक्षकांची नावं होती नऊ, आणि त्यातली दोन पार्किंगवाल्याच्या पोरांची. दुपारी चारला त्याच दारात ढकलाढकली. एक गृहस्थ माझ्यावरच चिडले, "एवढी गर्दी होते तर आधी सांगायचं ना!"

टेनिस बॉल क्रिकेटला मी बरीच वर्षं स्कोअरर होतो. तिथंही तेच. पहिल्या षटकाला मी, दोन पंच आणि चहाची किटली. सेमी फायनलपासून कंपाउंडवर माणसं.

सुरुवातीला माणसं का येत नाहीत? उन्हाचं कारण मला पटतं. ट्रॅफिकचं पटत नाही, आपलं गाव आहे केवढं! माझा संशय आयोजकांवर आहे, म्हणजे माझ्यावरही. वेळ 11 ची छापायची आणि दीपप्रज्वलन साडेबाराला करायचं. एकदा वेळेवर येऊन दीड तास खुर्ची तापवलेला माणूस पुढच्या वेळी कशाला लवकर येईल?

पण हे माझं झालं. तुम्ही खेळाडू असा, प्रेक्षक असा, पंच असा, वडेवाले असा, लिहा. फक्त मंडळांची नि आयोजकांची नावं टाकू नका, मला भांडणं सोडवायची नाहीयेत.

पार्कचा जुना प्रेक्षक

जानेवारी 2024 मध्ये पार्क स्टेडियमवर महाराष्ट्र-मणिपूर रणजी सामना झाला. बऱ्याच वर्षांनी रणजी आपल्याकडं आली म्हणून मी पहिल्या दिवशी नऊलाच जाऊन बसलो. स्वेटर घालून. शेजारी एक निवृत्त शिक्षक, त्यांच्या डब्यात कडक भाकरी आणि शेंगा चटणी. बाकी आमच्या बाजूला ओळीच्या ओळी मोकळ्या.

लाल चेंडूच्या खेळात पहाटेचा ओलावा खेळपट्टीत असतो, चेंडू नवा असतो, तो पहिला तास म्हणजे सगळ्या दिवसाचं लोणी. विकेटकीपरच्या हातमोज्यात चेंडू बसल्याचा आवाज आम्हाला स्पष्ट ऐकू येत होता. गर्दी असती तर ऐकू आला नसता, हेही खरं. जेवणाच्या सुट्टीनंतर पोरं आली, शाळा सुटल्यावर आणखी आली, आणि तेव्हा चेंडू जुना होऊन खेळ निवांत चाललेला. "काय बोअर आहे बे," एक जण म्हणाला. मी गप्प बसलो. माझी भाकरी वसूल झाली होती.

पूर्व भाग

आमच्याकडं पाणी चार-पाच दिवसांआड सुटतं. टॉसची वेळ आणि पाण्याची वेळ एक आली की बॅट्समनसुद्धा घरी असतो, प्रेक्षकांचं काय विचारताय!

लाल माती

गेमिंगवाल्यांनी वाईट वाटून घेऊ नये. मोकळ्या मैदानात सुरुवात करायची रीत आमच्या कुस्तीत फार जुनी आहे.

आमच्या गावच्या जत्रेचं मैदान दुपारी एकला सुरू होतं. आधी बारकी पोरं. रेवड्यांवरच्या कुस्त्या, मग नारळावरच्या, मग दहा-वीस रुपयांच्या. इनाम वाढत जातं तसतसे पैलवान मोठे होत जातात आणि पहिल्या नंबरची कुस्ती दिवस मावळताना लागते. ती बघायला मोहोळ, पंढरपूर, पार कर्नाटकातून जीपा भरून येतात. मग एकला कोण येणार?

दोन वर्षांपूर्वी माझा पोरगा पहिल्यांदा मैदानात उतरला. वय आठ. लांग माझ्या बापानं बांधली. बघायला लिंबाखाली सात-आठ म्हातारे, एक कुल्फीवाला आणि हलगीवाले. निवेदकाचा माइकसुद्धा अजून जोडलेला नव्हता. पण हलगीवाल्यानं हात आखडला नाही. पोरांनी सलामी दिली आणि त्यानं जी घाई, म्हणजे जलद ठेका, लावली, ती मोठ्या कुस्तीला लावतात तीच. पोरगं दोन मिनिटांत चीत झालं, रडलं नाही. एका म्हाताऱ्यानं बंडीच्या खिशातनं घामानं ओली झालेली वीसची नोट काढली आणि त्याच्या मुठीत कोंबली, जिंकलेल्याला आधीच दिली होती.

संध्याकाळी गर्दीत मलाच काही दिसेना, म्हणून त्याला खांद्यावर घेतला. वरनं विचारतो, "पप्पा, ही माणसं मघाशी कुठं होती?"

धागाकर्ता

अण्णा, तुमच्याकडं निदान हिशेब सरळ आहे. लहान आधी, मोठा शेवटी, सगळ्यांना ठाऊक. गेमिंगमध्ये तसं नाही. पहिल्या मॅचचे गुण शेवटपर्यंत चालतात. तरी लोक तिला सराव सामना समजतात. खेळलेल्यांनी लिहा की कुणीतरी.

चौथा गडी

मी खेळलोय, याच स्पर्धेत नाही, आधीच्या एकात. बीजीएमआय, म्हणजे मोबाइलवरचा बंदुकांचा गेम, शेवटपर्यंत जिवंत राहील ती टीम पहिली. स्पर्धेत चार-चार जणांच्या सोळा टीम एका मॅपवर उतरतात, दिवसाला पाच-सहा मॅच. पहिल्या आलेल्या टीमला 10 गुण, दुसऱ्याला 6, मग 5, 4 असं खाली, आणि मारलेल्या प्रत्येक गड्याचा 1. सकाळी 11 ला मारला काय नि संध्याकाळी 6 ला, गुण एकच.

आमची पहिली मॅच एरांगेल नावाच्या मॅपवर. शेवटच्या सर्कलमध्ये, म्हणजे आकसत आलेल्या रिंगणात, आम्ही तिघं जिवंत, समोर दोघं. आमच्या एकानं टेकाडामागून बॉम्ब टाकला आणि खल्लास. चिकन डिनर, म्हणजे मॅच आमची! हेडफोन काढून आम्ही ओरडलो आणि आमचाच आवाज हॉलमध्ये घुमून परत आला. टाळ्या वाजवल्या साऊंडवाल्यानं. एकट्यानं.

गंमत पुढं. यूट्यूबवरचं प्रक्षेपण मुद्दाम काही मिनिटं मागं ठेवतात, नाहीतर बाहेरचा कुणी बघून खेळाडूला फोनवर सांगेल शत्रू कुठं लपलाय ते. दुसऱ्या मॅचचे फोन हातात घ्यायच्या आधी माझा स्वतःचा फोन वाजला. मोठा भाऊ. "जिंकला की बे!" घर हॉलपासून दीड किलोमीटर. म्हटलं ये की इथं. म्हणाला, "येलालोय, फायनलला."

आला. सगळे मित्र घेऊन आला. शेवटच्या मॅचला हॉल फुल्ल होता, आणि आम्ही मॅपवरच्या पोचिंकी गावात उतरून चार मिनिटांत चौघंही आउट. आजही भाऊ नातेवाइकांना सांगतो, "ह्यांचा गेम मी बघितलाय, काही दम नाही."

चादरवाला

धंद्याच्या निमित्तानं अहमदाबादला होतो, 5 ऑक्टोबर 2023. वर्ल्ड कपची पहिलीच मॅच, इंग्लंड-न्यूझीलंड, दुपारी 2 ला. तिकीट आरामात मिळालं तेव्हाच समजायला हवं होतं. सव्वा लाखाच्या वर माणूस बसेल असं स्टेडियम आणि माझ्या ब्लॉकमध्ये मी पाय पसरून. भारत खेळत नाही, गुरुवारचा दिवस, डोक्यावर ऊन. कोण येणार!

न्यूझीलंडच्या बोल्टच्या दुसऱ्याच चेंडूवर इंग्लंडच्या बेअरस्टोनं सिक्स मारला. वर्ल्ड कपचा दुसरा चेंडू. टीव्हीवर सगळ्या देशानं मोकळ्या खुर्च्या बघितल्या, सिक्स मात्र मी बघितला. अर्थात हे फार ताणणार नाही, कारण दिवे लागल्यावर माणसं येत गेली आणि त्यांना न्यूझीलंडचे कॉन्वे आणि रचिन रवींद्र बघायला मिळाले. नाबाद 152 आणि नाबाद 123. सामना 37 व्या षटकात संपला. उशिरा येणाऱ्यांचं काही नुकसान झालं नाही, उलट मीच दुपारभर उन्हात भाजलो.

खोवाली

तुमचे खेळ दिवसभर चालतात म्हणून ही चैन. आमच्या खो-खोत नऊ-नऊ मिनिटांच्या चार पाळ्या. अर्धा तास उशिरा आलात तर टाळ्या वाजवून परत जायचं.

जिल्हा पातळीवरच्या एका स्पर्धेत आम्ही वेळेवर सुरू झालो, कारण पंचबाई कडक होत्या. पहिली पाळी संपली. मी साडेतीन मिनिटं पळून बाहेर आले होते, श्वास लागलेला. तेवढ्यात प्रमुख पाहुणे आले. खेळ थांबला. आम्हाला रांगेत उभं केलं, ओळख झाली, शाल-श्रीफळ झालं. मग फोटोग्राफर म्हणाला, टॉसचा फोटो राहिला. आणि खरंच, नाणं पुन्हा उडवलं! आमची कॅप्टन दुसऱ्या खेपेला हरली. ती पंचबाईंना हळूच विचारते, "मॅडम, आता कुठला धरायचा?" पंचबाईंनी असं बघितलं की पाहुण्यांसकट सगळे खाली बसले.

दुसऱ्या दिवशी पेपरात त्याच टॉसचा फोटो. मागं बघ्यांची गर्दी भरपूर, कारण पाहुण्यांबरोबर दोन गाड्या माणसं आली होती. पाहुणे गेले, तीही गेली. आता मी शाळेत खेळ शिकवते. 2025 च्या जानेवारीत खो-खोचा पहिला वर्ल्ड कप आपल्या मुलींनी जिंकला, त्यानंतर ती फायनल वर्गात मोबाइलवर लावली होती, आणि मुलींना सांगितलं होतं, घंटा झाल्यावर दार बंद. सगळ्या आत होत्या.

मांडववाला

माझं ऐका. वीस वर्षं खुर्च्या टाकतोय. माणूस उशिरा येत नाही, उशिरा आत येतो.

दोनशे खुर्च्या एकदम मांडल्या की बाहेर पंचवीस-तीस माणसं पिंपळाखाली उभी राहतात. गाडीवर बसतात, मावा मळतात, पण आत येत नाहीत. मोकळ्या मांडवात पहिलं बसायला माणूस लाजतो. बसलाच तर शेवटच्या ओळीत, दाराजवळ. म्हणून मी आधी साठच टाकतो, त्याही दाटीवाटीनं. बाकीच्या मागं थप्पीला. साठ भरल्या की पोरगा दहा-दहा काढत जातो. पैसे दोनशेचेच घेतो, ते वेगळं. आयोजक ओरडतात, "मालक, खुर्च्या कुठायत?" त्यांना व्हिडिओत मांडव मोठा दिसायला पाहिजे. मोठा दिसतो, मोकळाही दिसतो.

धागाकर्ता

मालक, तुम्ही माझी झोप उडवलीत. त्या दिवशी साडेदहाला हॉलसमोरच्या टपरीवर पंधरा-वीस पोरं उभी होती. मला वाटलं कॉलेजची आहेत. चारला आत आली ती बहुतेक हीच.

बाराबंदी

सोलापूरकर वेळेवर येत नाही असं कुणी म्हणू नये. गड्ड्याच्या, म्हणजे सिद्धेश्वर महाराजांच्या यात्रेत, संक्रांतीच्या आदल्या दिवशी, संमती कट्ट्यावर अक्षता सोहळ्याला, म्हणजे महाराजांच्या योगदंडाच्या लग्नाला या. मिरवणुकीतले सातही नंदीध्वज, म्हणजे मानाच्या उंच काठ्या, पोचायच्या आधी लाखभर माणसं पांढरे कपडे घालून, मुठीत अक्षता घेऊन उन्हात उभी असतात. आमची आजी सकाळी आठला जागा धरायची. "सत्यम सत्यम, दिड्डम दिड्डम" ऐकू आलं की अक्षता टाकायच्या, चुकलं की वर्ष गेलं. कुणी पत्रिका छापत नाही की मेसेज पाठवत नाही.

चौथा गडी

खरं आहे, पण सिद्धेश्वर महाराजांचं अकाउंट आम्हाला कुठलं मिळायला.

पाचची लोकल

सगळ्यांचं एक टोक, माझं दुसरं. मी रस्त्यावरच्या शर्यतीला स्वयंसेवक असते. जानेवारीत पहाटे साडेपाचला, कुडकुडत, सुरुवातीच्या रेषेवर हजार-दीड हजार माणसं. झुंबा, ढोल, सेल्फी, बंदूक. इतक्या वेळेवर इतकी माणसं मी दुसऱ्या कुठल्याच कार्यक्रमाला पाहिली नाहीत, कारण पळणारे आणि बघणारे एकच. पण साडेनऊनंतर तिथं या. बक्षिसं झालेली, उपमा संपलेला, बॅनर गुंडाळलेले.

गेल्या खेपेला माझं काम शेवटच्या रेषेवर मेडल घालायचं. सगळे आले असं समजून मुलांनी फुगवलेल्या कमानीतली हवा सोडायला घेतली. कमान निम्मी वाकली आणि तेवढ्यात चौकातून एक काकू दिसल्या. साडी, वर टी-शर्ट, पायात कॅनव्हासचे बूट, चालत नव्हत्या, बारीक का होईना पळत होत्या. मुलांनी पळत जाऊन कमानीची दोन्ही टोकं हातानं वर धरली. काकू वाकून खालून गेल्या, मेडल घातलं, आणि त्यांनी पहिलं विचारलं, "बाकीचे अजून यायचेत का गं?"