शब्दचर्चा : जेझुइट – पंथ, संप्रदाय की संघ?

प्रश्न : ‘ख्रिस्तपुराण’कर्ते फादर स्टीफन्स यांच्यावरील एका इंग्रजी टिपणाचा मराठी अनुवाद करीत आहे. ‘ते जेझुइट पंथाचे होते’ असे मी लिहिले, तेव्हा वांद्र्याच्या माझ्या ख्रिस्ती शेजारीणबाईंनी ‘पंथ’ या शब्दावरच बोट ठेवले. मग संप्रदाय म्हणावे की संघ? जाणकारांनी कृपया सांगावे.

उत्तर : शेजारीणबाईंचा आक्षेप रास्त आहे. नाथपंथ, महानुभाव पंथ म्हणताना आपल्या मनात उपास्य, आचार किंवा तत्त्वज्ञान यांतील वेगळेपण असते. त्या अर्थाने कॅथलिक व प्रोटेस्टंट यांना पंथ म्हणता येईल. परंतु जेझुइटांची श्रद्धा इतर कॅथलिकांहून तसूभरही निराळी नाही. निराळे आहे ते त्यांचे व्रतस्थ जीवन : दारिद्र्य, ब्रह्मचर्य आणि आज्ञापालन ही तीन व्रते, आणि त्यांतल्या अनेकांसाठी, पोप पाठवतील तेथे जाण्याचे चौथे. ‘संप्रदाय’ गुरुपरंपरेमुळे थोडा जवळचा वाटतो, पण मतभेदाची छटा त्यालाही चिकटलेली आहेच.

इग्नेशियस लोयोला यांनी स्थापलेल्या आणि पोप तिसरे पॉल यांनी १५४० मध्ये मान्यता दिलेल्या या मंडळीचे लॅटिन नाव ‘सोसिएतास येसू’ असे असल्यामुळे ‘येशूसंघ’ हा ख्रिस्ती मराठीत रुळलेला शब्दच नेमका ठरतो. स्पॅनिश नावात ‘कंपनी’ला जवळचा शब्द आहे; मात्र मुंबईत ‘येशूची कंपनी’ असे लिहिले, तर वाचक शेअरचा भाव विचारील.

इतिहासही ‘संघ’ याच शब्दाच्या बाजूने आहे. पोप चौदावे क्लेमेंट यांनी १७७३ मध्ये ही संस्था विसर्जित केली आणि सातवे पायस यांनी १८१४ मध्ये ती पुन्हा उभी केली. पंथ असा एका आज्ञापत्राने विसर्जित होत नाही, संघ होतो. धोबीतलावचे सेंट झेवियर महाविद्यालय १८६९ मध्ये जर्मन येशूसंघीयांनी काढले आणि पुढे तेथेच स्पेनहून आलेल्या फादर हेरास यांनी इतिहास-संशोधनाची संस्था उभारली, हे सारे त्या पुनरुज्जीवनानंतरचे.

शंका : ‘संघ’ म्हटले की आमच्या दादरच्या वाचकाला शिवाजी पार्कवरचा क्रिकेट संघच आठवणार, त्याचे काय?

उत्तर : आठवू दे. त्याच वाचकाला चैत्यभूमीजवळ ‘भिक्खुसंघ’ हा शब्द मुळीच खटकत नाही. व्रतस्थांच्या समूहाला संघ म्हणणे आपल्याकडे फार जुने आहे, तेव्हा फ्रान्सिस्कन आणि डॉमिनिकन या इतर कॅथलिक व्रतस्थ मंडळींनाही संघच म्हणावे.

एक सावधगिरी मात्र बाळगावी. ‘जेझुइट’ हे नाव आरंभी इतरांनी हिणवण्यासाठी वापरले. नंतर संघीयांनीच ते आपलेसे केले. त्यावरून झालेल्या ‘जेझुइटिकल’ या इंग्रजी विशेषणाला आडवळणी युक्तिवादाचा अर्थ आहे, म्हणून तसे वाक्य आढळल्यास ‘शब्दच्छल’ लिहावे, संघाचे नाव गोवू नये. ‘पाद्री’ हा शब्दही टाळलेला बरा. पोर्तुगिजांकडून आलेल्या या शब्दाचा अर्थ ‘पिता’ असाच असला, तरी आज तो अनेक ख्रिस्ती कानांना उणा वाटतो.

तुमचे वाक्य मी असे करीन : ‘येशूसंघाचे, म्हणजेच जेझुइट, धर्मगुरू फादर स्टीफन्स हे १५७९ मध्ये गोव्यास आले.’