'मानसालेखन' म्हटलं तर काय समजाल?

फोंडेकरीण: मराठीत एक अद्भुत कादंबरी लिहिते आहे. तिच्यातल्या बेटावर एक विद्या आहे. जाणकार गावोगाव हिंडतात आणि अख्खं गाव मिळून काय विचार करतंय ते कापडावर उतरवतात: भीती कुठल्या वाड्यात साचली, आशा कुठून कुठे वाहते. या विद्येला मी 'मानसालेखन' म्हटलं. परवा गोव्यातल्या चोडण बेटावरच्या मामांना दोन पानं वाचून दाखवली, तर त्यांनी मध्येच विचारलं, "मानशींचो नकासो कित्याक? त्यो बांदार आसात न्हय." म्हणजे, मानशींचा नकाशा कशाला, त्या बांधावर आहेतच ना. त्यांना खाजनातली, म्हणजे खाडीकाठच्या बांध घातलेल्या शेतातली, पाण्याची दारंच दिसली. मनाचं 'मानस' डोक्यात आलंच नाही. शब्द बदलू का?

जुनी वही: मुळीच बदलू नका. मानसपूजा, मानसकन्या, मानसशास्त्र हे सगळं आपण रोज वापरतो. नकाशा हा अरबी शब्द टाळलात, तेही बरं केलंत.

तिठा: अरबी असला म्हणून परका झाला का? 'आलेख' म्हटलं की मला शाळेतला चौकटींचा कागद आठवतो, वरखाली जाणारी रेघ. गावाचा नकाशाच असतो. आमच्या शेताची मोजणी झाली तेव्हा मोजणीदार एक होता आणि मेरेवर बघायला सगळा वाडा उभा. प्रत्येकाची हद्द वेगळी! म्हणून 'मनमोजणी' म्हणा. मामांनाही कळेल.

पाणवठा: मोजणीत आकडेच हाती लागतात, ताई. १६ जानेवारी १९६७चा गोव्याचा जनमत कौल घ्या. महाराष्ट्रात विलीनीकरणाला फूल, वेगळं राहायला दोन पानं. दोन पानं ३४,०२१ मतांनी जिंकली. आमच्या घरात आजीने फुलावर शिक्का मारला, आजोबांनी दोन पानांवर, आणि त्या रात्री दोघं एकाच पंगतीला गप्प बसून जेवली, असं वडील सांगतात. ते घर तुमच्या कापडावर कुठल्या रंगात दाखवाल? मला 'कौल' हाच शब्द योग्य वाटतो. देवळात पाकळ्या लावून कौल घेतात तेव्हा प्रश्न सगळ्या गावाचा असतो. त्या विद्येला 'गावकौल' म्हणा.

जुनी वही: कौलसुद्धा अरबीच. कौल म्हणजे शब्द, वचन. तुम्ही एक अरबी काढून दुसरा आणलात.

तिठा: देवाला चालतो तो शब्द कादंबरीला का चालू नये?

जुनी वही: देवाचं सोडा, भाषेची घडण बघा. परका शब्द सवयीने आला तर येऊ दे. पण नव्या विद्येला नाव आपण देतो आहोत. तिथे तरी आपल्या धातूंतून घडवावं, असं मला मनापासून वाटतं.

चोडणकाठ: मामांचं बरोबर आहे. आमच्याकडे मानस म्हणजे बांधातलं दार. भरतीला नदीचं पाणी बाहेरून रेटतं आणि दार आपोआप मिटतं, ओहोटीला आतलं पाणी ढकलतं तेव्हा उघडतं. शेतात खारं पाणी शिरत नाही ते यामुळे. रात्री ओहोटीच्या वेळेला तोंडाशी जाळं लावतात, त्या मासळीच्या हक्काची पावणी, म्हणजे लिलाव, होते. लहानपणी मी कंदील धरून बसायचो. दाराची फळी कुरकुरली की काका म्हणायचे, आता सुटली. तिथे कायम एक माणूस लागतो, माणसावरूनच मानस आली असणार.

जुनी वही: 'मान' म्हणजे माप. पाणी मापात घ्यायचं, म्हणून मानस झालं असावं. हिंदीतल्या मानचित्रातही मान म्हणजे मापच, मन नव्हे.

चोडणकाठ: मापून कोण घेतो? पाणी स्वतःच ठरवतं. तुम्ही एकदा येऊन बघा.

फोंडेकरीण: फळी आतून लावतात की बाहेरून? माझ्या बेटाला बांध आहेच. जाणकार रात्री तिथे बसला तर त्याला गाव ऐकू येईल, असं आत्ता सुचलं.

चोडणकाठ: नदीच्या बाजूला. वरून बिजागरीवर लोंबते. पुनवेची भरती मोठी, तेव्हा या. एकच मात्र, मानस बाईमाणूस आहे, 'ती' मानस. तुम्ही सगळे नपुंसकलिंगी लिहिता.

पाणवठा: आमच्या जुवे गावाकडेही 'ती'च.