चराई आणि गवताळ रानांची परिभाषा : काही शब्दांबद्दल मार्गदर्शन हवे

प्रश्न (लष्कर, ग्वाल्हेर)

संयुक्त राष्ट्रांनी २०२६ हे वर्ष चराऊ प्रदेश आणि पशुपालक यांचे आंतरराष्ट्रीय वर्ष म्हणून जाहीर केले आहे. त्या निमित्ताने आमच्या मराठी मंडळाच्या वार्षिक अंकासाठी मी या भागातील गवताळ रानांवर लेख लिहीत आहे. वाचायला मिळते ते बहुतेक हिंदी किंवा इंग्रजीत. 'कॅरिंग कपॅसिटी' आणि 'स्टॉकिंग रेट' या दोन्हींना काही ठिकाणी 'चराईक्षमता' असे एकच नाव दिलेले दिसते. ते योग्य आहे का? अतिचराईमुळे जी गवते मागे हटतात आणि जी वाढतात, त्यांना काय म्हणावे? गावाच्या सामायिक चराईच्या जमिनीला आम्ही बोलताना 'चरनोई' म्हणतो, तो शब्द तसाच ठेवावा की 'गायरान' लिहावे?

उत्तर (निवृत्त पशुवैद्य, मुरार)

ताई, या दोन कल्पना वेगळ्याच ठेवाव्यात, कारण रान टिकते की उजाड होते हे त्यांच्यातल्या फरकावरच ठरते. आपली झीज होऊ न देता रान जितकी जनावरे पोसू शकते, ती त्याची 'धारणक्षमता' (कॅरिंग कपॅसिटी). प्रत्यक्षात जितकी जनावरे त्यावर सोडली जातात, तो 'चराईचा भार' (स्टॉकिंग रेट). पहिली गोष्ट पाऊस, माती आणि गवताच्या जातींवर अवलंबून असते, तर दुसरी माणसाच्या हातात असते.

लेखात हिशेब जरूर द्यावा. ४०० किलो वजनाच्या गाईला वजनाच्या अडीच टक्के, म्हणजे दिवसाला सुमारे १० किलो आणि वर्षाला ३,६५० किलो शुष्क चारा लागतो, असे धरू. एका हेक्टरवर ३ टन वाळलेले गवत येत असेल आणि मुळांना पुन्हा जोर धरता यावा म्हणून त्यातले निम्मे उभे ठेवायचे असेल, तर खाण्याजोगे दीड टनच उरते. याचा अर्थ एका गाईला वर्षभरासाठी जवळजवळ अडीच हेक्टर रान हवे. तेवढ्याच रानात चार गाई सोडल्या, तर भार धारणक्षमतेच्या चौपट झाला. मागे ठेवलेले निम्मे गवत अनेकांना वाया गेल्यासारखे वाटते. माझ्या मते लेखात सर्वाधिक जागा याच मुद्द्याला द्यावी.

'चारा' हा शब्द व्यापक आहे. कापून आणून गव्हाणीत टाकतात ती 'वैरण'. कडबा, कुट्टी, मुरघास हे सारे तिच्यातच येते. शेळ्या झुडपांचे शेंडे ओरबाडतात, त्याला 'पाला खाणे' असेच सरळ म्हणावे.

उत्तर (वनस्पतिशास्त्राच्या अध्यापिका, इंदूर)

मी वर्गात 'घटती गवते' आणि 'फोफावणारी गवते' असे म्हणते. भारतीय कृषी अनुसंधान परिषदेने १९७३ मध्ये प्रसिद्ध केलेल्या वर्गीकरणात देशातील गवताळ आच्छादनाचे पाच प्रकार मानले आहेत. त्यांपैकी सेहिमा-डायकॅन्थियम (या दोन गवतांवरून नाव पडलेला) हा प्रकार बुंदेलखंड, माळवा आणि महाराष्ट्राचे पठार या सर्व भागांत पसरलेला असल्यामुळे मराठीतील गवतांची नावे आपल्याकडेही चपखल बसतात.

मारवेल हे त्यातले उत्तम घटते गवत आहे. त्याच्या कांडीवरील पेऱ्यांभोवती पांढऱ्या केसांचे कडे असते, त्यावरून ते ओळखता येते. गुरे आधी हेच शोधून खातात, त्यामुळे सततच्या चराईत त्याच्या मुळांतील साठा संपतो आणि त्याची जागा कुसळ नावाचे गवत घेते. कुसळ फुलोऱ्यापूर्वी खाण्याजोगे असते. मात्र बी धरल्यावर त्याचे लांब, पीळदार शेपूट ओल लागताच उलगडते, वाळताच पुन्हा वळते आणि टोकदार बी मातीत, मेंढीच्या लोकरीत किंवा गुराच्या तोंडात रुतवत नेते. चराई तरीही थांबली नाही, तर ॲरिस्टिडासारखी निकृष्ट गवते येतात.

'अंजन' हा शब्द लिहिताना मात्र 'गवत' किंवा 'वृक्ष' अवश्य जोडावे, कारण दोन्हींना हेच नाव आहे आणि दोन्हींचा चारा होतो.

उत्तर (ग्वाल्हेर)

'चरनोई' तसाच ठेवावा. मध्य प्रदेशच्या महसुली नोंदींत तोच शब्द आहे. 'गायरान' आणि 'गुरचरण' हे महाराष्ट्राच्या दप्तरातले शब्द असून आपल्या गावांच्या जमिनीला ते लावल्यास वाचक नोंदी शोधताना गोंधळेल. राखण करून गवत वाढू दिलेली जागा असेल तरच 'कुरण' लिहावे आणि उघड्या भूभागाला 'माळरान' म्हणावे. अशा माळरानाला लावले जाणारे 'पडीक' हे विशेषण मला अजिबात मान्य नाही. ग्वाल्हेरजवळच्या घाटीगावचे अभयारण्य ज्या माळढोकासाठी राखले गेले, तो पक्षी अशाच उघड्या माळावर जमिनीवर अंडी घालतो. नांगर चालत नाही एवढ्यावरून त्या जमिनीला निरुपयोगी ठरवता येत नाही.